कुरुंदवाडचे पलुसकर आणि आत्याची वही

पुण्यात कुणाला मी कुरुंदवाडचा आहे असं सांगितलं की पुढचा प्रश्न ठरलेला असतो. "म्हणजे सोलापूरकडचं ना? ते रेल्वे जंक्शन?" ते कुर्डुवाडी. आमचं कुरुंदवाड कोल्हापूर जिल्ह्यात, शिरोळ तालुक्यात, पंचगंगेच्या काठी. मग मी विचारतो, "नरसोबाची वाडी माहितीय?" वाडी सगळ्यांना माहीत असते. दत्त, बासुंदी, कवठाची बर्फी. "तिथून अगदी जवळ," म्हटलं की समोरच्याचं समाधान होतं.

खरं तर याहून चांगलं एक उत्तर आहे. आज तुम्ही कुठल्याही शहरात गाण्याच्या क्लासला जाता, फी भरता, कुणाचे नातेवाईक आहात हे न सांगता शिकायला बसता, वहीत बंदिश लिहून घेता आणि वर्षाच्या शेवटी परीक्षा देता. ही पद्धत देशभर रुजवण्यात ज्यांचा फार मोठा वाटा होता, त्या विष्णु दिगंबर पलुसकरांचं हे गाव. पण हे उत्तर नुसतं देऊन भागत नाही, समजावून सांगावं लागतं, आणि त्याला अर्धा तास लागतो. ऑफिसच्या कँटीनमध्ये एवढा वेळ कुणाकडं नसतो, म्हणून इथं लिहितोय.

पलुसकरांचा जन्म १८ ऑगस्ट १८७२ चा, नारळी पौर्णिमेचा. त्या वेळी कुरुंदवाड हे पटवर्धनांचं छोटं संस्थान होतं. वडील दिगंबरपंत कीर्तनकार. घराण्याचं मूळ आडनाव गाडगीळ, पलूस गावावरून पलुसकर झालेलं. म्हणजे घरात सूर होता, पण तो कीर्तनातला. मुलानं गवई व्हावं असं कुणाच्या मनात असण्याचं कारण नव्हतं. शिकून चांगली नोकरी धरायची, ही अपेक्षा तेव्हाही होतीच.

मग दत्तजयंतीच्या उत्सवात एक फटाका त्यांच्या चेहऱ्याजवळ फुटला आणि डोळ्यांना कायमची इजा झाली. उपचारांसाठी त्यांना मिरजेला नेलं. दृष्टी पुरती गेली नाही, पण शाळेचं शिक्षण पुढं नेण्याइतकी उरलीही नाही. डोळ्यांवर फारसं अवलंबून नसलेलं काहीतरी शिकवावं, असा विचार पुढं आला आणि मुलगा बाळकृष्णबुवा इचलकरंजीकरांकडं गाणं शिकू लागला. मिरजेच्या संस्थानिकांनी आश्रय दिला.

बाळकृष्णबुवा हे साधं नाव नव्हे. ग्वाल्हेरच्या हद्दू-हस्सू खाँ यांच्या परंपरेतले वासुदेवबुवा जोशी हे त्यांचे गुरू. ग्वाल्हेरची ख्यालगायकी महाराष्ट्रात आणून रुजवण्याचं श्रेय बुवांना दिलं जातं. त्या काळी असं गाणं मिळवायचं म्हणजे घर सोडायचं, गुरूच्या घरी राहायचं, पडेल ते काम करायचं आणि गुरूच्या मनात येईल तेव्हा मिळेल तेवढं कानात साठवायचं. लिहून घेण्याचा प्रश्नच नव्हता. गाणं गुरूच्या गळ्यात असायचं आणि ते कुणाला द्यायचं हे गुरू ठरवायचा. गुरू गेला आणि कुणी नीट शिकलेलं नसलं, की बंदिशी त्याच्याबरोबर जायच्या.

मी सॉफ्टवेअरवाला, त्यामुळं मला हे लगेच कळतं. आमच्याकडंही प्रत्येक कंपनीत असा एक माणूस असतो. सगळी जुनी सिस्टिम फक्त त्याच्या डोक्यात असते, लिहून ठेवलेलं काही नसतं. तो सुट्टीवर गेला की सगळ्यांचे धाबे दणाणतात. आणि खरं सांगायचं तर त्यालाही सगळं लिहून द्यायचं नसतं, कारण त्याची किंमत त्यातच असते. जुन्या गवयांना नावं ठेवण्याआधी हे आठवलेलं बरं. ज्ञान हीच त्यांची इस्टेट होती.

मिरजेत आणखी एक गोष्ट पलुसकरांना टोचली. त्यांना राजाश्रय होता, मोठ्या समारंभांची आमंत्रणं यायची. अशाच एका आमंत्रणात खुद्द त्यांच्या गुरूंचं नाव नव्हतं, कारण ते पडले 'गवई', असं सांगतात. गाणं हवं, पण गवई पंगतीला नको. चरित्रांमध्ये हा प्रसंग थोड्याफार फरकानं येतो. तो अगदी असाच घडला असेल नसेल, पण पलुसकरांनी पुढं आयुष्यभर जे केलं त्याचा रोख त्यात नेमका सापडतो. गाणाऱ्याला मान मिळायला हवा, आणि तो कुणा एका राजाच्या मर्जीवर अवलंबून असता कामा नये.

१८९६ मध्ये त्यांनी मिरज सोडली. बडोदा, सौराष्ट्र, ग्वाल्हेर, मथुरा अशी भटकंती केली. मथुरेत ब्रज भाषा समजून घेतली, कारण बंदिशींचे शब्द त्या भाषेतले. सौराष्ट्रात त्यांनी तिकीट लावून जाहीर मैफल केली. आज बुकमायशोवर सीट निवडताना आपल्याला यात काही विशेष वाटत नाही. पण तोवर असं गाणं ऐकायचं तर दरबारात, श्रीमंताच्या दिवाणखान्यात किंवा देवळात. तिकिटानं एक साधी गोष्ट बदलली. ज्याच्याकडं पैसे आहेत त्या कुणालाही पुढ्यात बसता येऊ लागलं, आणि गवयाला मुजरा न करता मोबदला मिळू लागला.

मग ते लाहोरला गेले. आपलं गाव सोडून इतक्या लांब, जिथं मराठी माणूस शोधावा लागेल अशा ठिकाणी. ५ मे १९०१ रोजी तिथं त्यांनी गांधर्व महाविद्यालय सुरू केलं. ही देशातली पहिली संगीतशाळा नव्हती. पुण्यात गायन समाज १८७४ पासून होता. बडोद्यात सयाजीरावांच्या आश्रयानं मौलाबक्ष यांनी १८८६ मध्ये गायनशाळा काढली होती. लाहोरची शाळा वेगळी ठरली ती पैशाच्या बाबतीत. तिच्यामागं कुणी एक राजा नव्हता. लोकांच्या देणग्या, मैफिलींची कमाई आणि फी यांवर ती चालायची. सुरुवातीला शिकायला फारसं कुणी येईना, असं सांगतात. हळूहळू लोक यायला लागले. बायकांनाही शिकवलं जाऊ लागलं. पाठ्यपुस्तकं निघाली. ती छापायला स्वतःचा छापखानाही काढला.

आणि या पुस्तकांसाठी लागली एक लिपी.

तुम्ही गाण्याच्या क्लासला गेला असाल तर तुम्हाला दोन पद्धती माहीत असतील, भातखंड्यांची आणि पलुसकरांची. मी लहानपणी कुरुंदवाडात क्लासला जायचो तेव्हा या दोन्हींनी डोक्याचा पार भुगा केला होता. पलुसकर पद्धतीत स्वराच्या डोक्यावर टिंब दिलं की तो मंद्र सप्तकातला, म्हणजे खालचा. भातखंडे पद्धतीत तेच टिंब डोक्यावर दिलं की तो तार सप्तकातला, म्हणजे वरचा. एकच टिंब, अर्थ बरोबर उलटा. पलुसकरांकडं समेला १ आणि खालीला अधिकचं चिन्ह, तर भातखंड्यांकडं समेला फुली आणि खालीला शून्य. घाईघाईत लिहिलेली फुली आणि अधिक यांत फरक तो काय? त्यात पलुसकर पद्धतीत स्वर किती मात्रांचा, अर्ध्या की पाव, यासाठी स्वराखाली वेगवेगळी चिन्हं. भातखंड्यांची पद्धत सोपी, म्हणून ती जास्त पसरली. चांगलं डिझाइन आणि सोपं डिझाइन यांच्या लढाईत बहुतेक वेळा काय होतं, हे आमच्या धंद्यात सगळ्यांना ठाऊक आहे.

मला मात्र यातली दुसरीच गोष्ट थक्क करते. ज्या माणसाला छापील अक्षर धड दिसत नव्हतं, त्यानं गाणं कागदावर उतरवण्यासाठी आयुष्य घातलं. स्वतःला त्याचा फारसा उपयोग नव्हता. त्यांचं सगळं कानातच होतं.

आता आत्याबद्दल सांगायला हवं. माझी आत्या ऐंशीच्या दशकात कुरुंदवाडात वाढली. तिला गाणं शिकायचं होतं. आजोबांचा ठाम नकार. घरात भजन चालायचं, आजी ओव्या म्हणायची, त्याला कुणाची हरकत नव्हती. पण 'गाणं शिकायचं' म्हटल्यावर आजोबांच्या डोळ्यांपुढं वेगळंच काहीतरी यायचं. चांगल्या घरच्या मुली गाणं शिकत नाहीत, एवढंच ते म्हणायचे. शेवटी गाण्याच्या बाई स्वतः घरी आल्या आणि म्हणाल्या, "काका, याची परीक्षा असते. प्रारंभिक, प्रवेशिका, मध्यमा, विशारद. सर्टिफिकेट मिळतं. उद्या शाळेत संगीतशिक्षिका म्हणून नोकरी लागू शकते." 'परीक्षा' हा शब्द ऐकल्यावर आजोबा नरमले. परीक्षा असेल तर ते शिक्षण, आणि शिक्षणाला आमच्या घरात कधीच नाही म्हटलं गेलेलं नाही.

आत्या मध्यमा पूर्णपर्यंत शिकली. लग्नानंतर तिनं घरीच शिकवण्या घ्यायला सुरुवात केली. चाळीसेक वर्षांत तिच्या हाताखालून किती पोरं गेली याची मोजदाद नाही. त्यातला एक मी. म्हणजे आमच्या घरात गाणं आलं ते घराण्यातून नाही, सर्टिफिकेटाच्या दारानं. हे दार पलुसकर आणि त्यांच्या शिष्यांनी बांधलं.

पण ते बांधताना काय बाहेर राहिलं, हेही बघायला पाहिजे. आजोबांच्या डोळ्यांपुढं जे 'वेगळंच काहीतरी' यायचं, ते काय होतं? त्या होत्या कलावंतिणी, तवायफा, देवदासी. ज्या बायकांनी हे गाणं पिढ्यान्‌पिढ्या गळ्यात जपलं, त्या बायका. आणि मुसलमान उस्ताद, ज्यांच्याकडून ग्वाल्हेरची ती सगळी गायकी आली. संगीताला 'सभ्य' करण्याच्या या मोहिमेत शृंगाराचे शब्द असलेल्या बंदिशींना भक्तीचे शब्द मिळाले, शाळेच्या दिवसात प्रार्थना आली. मध्यमवर्गाला ते पटलं. पण ज्यांच्याकडून गाणं घेतलं त्यांना या नव्या घरात तेवढी जागा मिळाली नाही. जानकी बखले यांच्या २००५ सालच्या 'टू मेन अँड म्युझिक' या पुस्तकात पलुसकर आणि भातखंडे यांच्याबद्दल हा सगळा प्रश्न तपशिलात मांडलाय. मी ते वाचलं तेव्हा माझ्याच गावच्या माणसावरची टीका म्हणून आधी रागानं वाचलं. अर्ध्यात आल्यावर राग गेला, कारण आजोबा आठवले. आत्याला मिळालेली परवानगी आणि त्या दुसऱ्या बायकांची गेलेली पत, या एकाच व्यवहाराच्या दोन बाजू होत्या.

पलुसकरांचा स्वभाव समजायला १९२३ चा काकीनाड्याच्या काँग्रेस अधिवेशनातला प्रसंग उपयोगी आहे. ते 'वंदे मातरम्' गायला उभे राहिले. अध्यक्ष मौलाना मोहम्मद अली यांनी धर्माचं कारण देऊन संगीताला हरकत घेतली. पलुसकर थांबले नाहीत, गीत पूर्ण गायले. हा प्रसंग आजही दोन्ही बाजूंनी आपापल्या सोयीनं सांगितला जातो. माझं कुरुंदवाड मात्र असं गाव आहे, जिथं गणेशोत्सवात मशिदींमध्येही गणपती बसतो आणि मोहरम त्याच दिवसांत आला तर पंजे आणि गणपती शेजारी शेजारी असतात. त्यामुळं या प्रसंगात कोण जिंकलं याची मला फारशी उत्सुकता नाही. मला त्यात दिसतो तो व्यासपीठावर कुणाच्याही, अगदी अध्यक्षांच्याही परवानगीची वाट न बघणारा गवई. मिरजेच्या त्या आमंत्रणाला सुमारे तीस वर्षांनी दिलेलं उत्तर, असं मी ते वाचतो.

लाहोरनंतर १९०८ मध्ये मुंबईत शाखा निघाली. काम वाढलं, स्वतःची इमारत हवी झाली, कर्ज झालं. शिक्षक तयार करण्यासाठी पलुसकरांनी 'उपदेशक वर्ग' चालवला होता. निवडक मुलं शाळेतच राहायची, तिथंच जेवायची, वर्षानुवर्षं शिकायची आणि पुढं शिकवायची. या मुलांचा खर्चही होताच. मैफिली करून पैसे आणायचे आणि शाळेत घालायचे, असं चालू होतं. ते पुरलं नाही. १९२४ मध्ये कर्जापायी मुंबईच्या शाळेच्या मालमत्तेचा लिलाव झाला.

स्टार्टअप बुडाल्याच्या गोष्टी आम्ही रोज ऐकतो. फाउंडर लगेच लिंक्डइनवर 'काय शिकलो' अशी पोस्ट टाकतो आणि सहा महिन्यांत नवीन काहीतरी उभं करतो. पलुसकर तेव्हा पन्नाशी ओलांडलेले, डोळ्यांनी अधू होते. एकामागून एक मुलं गेलेली. शेवटची वर्षं ते रामनामात रमले, नाशिकच्या आश्रमात राहिले. २१ ऑगस्ट १९३१ रोजी मिरजेत ते गेले. मुलगा दत्तात्रेय, म्हणजे पुढचे डी. व्ही. पलुसकर, तेव्हा दहा वर्षांचा होता. तो वडिलांच्या शिष्यांकडं शिकला, फार मोठा गायक झाला आणि १९५५ च्या ऑक्टोबरमध्ये वयाच्या चौतिसाव्या वर्षी गेला. 'बैजू बावरा'मध्ये अमीर खाँसाहेबांबरोबरचा त्याचा आवाज यूट्यूबवर आहे, ऐका.

इमारतीचा हिशेब धरला तर पलुसकर हरले. पण उपदेशक वर्गाचा हिशेब वेगळा लागतो. सगळं एकाच सर्व्हरवर ठेवलं की तो बसल्यावर सगळं बसतं, हे आम्हाला पहिल्या वर्षी शिकवतात. पलुसकरांनी इमारत एकाच ठिकाणी ठेवली, पण गाणं माणसांमध्ये वाटून टाकलं. त्यांच्या मृत्यूनंतर त्याच वर्षी शिष्यांनी अहमदाबादेत अखिल भारतीय गांधर्व महाविद्यालय मंडळ स्थापन केलं. आजच्या परीक्षा घेतं ते हेच मंडळ. विनायकराव पटवर्धनांनी १९३२ मध्ये पुण्यात गांधर्व महाविद्यालय काढलं. ओंकारनाथ ठाकूर बनारस हिंदू विद्यापीठात गेले आणि तिथं संगीताचं शिक्षण उभं केलं. बी. आर. देवधरांनी मुंबईत शाळा चालवली आणि तिथं कुमार गंधर्व शिकले. ज्या कुमारांनी पुढं घराण्याच्या चौकटीच ओलांडल्या, ते या 'परीक्षावाल्या' परंपरेच्याच अंगणातून गेले, हे मला फार आवडतं.

परीक्षेवर हसणं सोपं आहे. 'विशारद झालाय, पण गाता येत नाही' हा विनोद तुम्हीही ऐकला असेल. मी स्वतः प्रवेशिका पूर्ण झालो आणि दहावीच्या वर्षी थांबलो. माझा आवाज सामान्य आहे, तालात मी कच्चा आहे आणि यात पुढं काही होणार नाही हे मला तेव्हाच दिसत होतं. म्हणजे माझ्यावर खर्च झालेली ती पाच वर्षं वाया गेली का?

याचं उत्तर मला ऑगस्ट २०१९ मध्ये मिळालं. त्या महापुरात शिरोळ तालुका पाण्यानं वेढला होता. आत्याच्या घरात छातीएवढं पाणी होतं. ओसरल्यावर घरी गेलो तेव्हा पेटीचा भाता फाटून लोंबत होता आणि तिची चाळीस वर्षांची नोटेशनची वही कपाटाच्या तळाशी चिखलात सापडली. पानं एकमेकांना चिकटलेली, शाई पसरून निळी झालेली. मला रडू आलं. आत्या मात्र पानं उन्हात घालता घालता म्हणाली, "अरे, वही गेली. गळा कुठं गेलाय?"

तेव्हापासून आम्ही दोघं ती वही परत लिहितोय. रविवारी रात्री फोनवर ती एकेक बंदिश गाते आणि मी लॅपटॉपवर टाइप करतो. पहिल्याच दिवशी अडलो. पलुसकर पद्धतीनं मंद्रातल्या 'नि'वर टिंब द्यायला गेलो तर काँप्युटरनं त्याचा अनुस्वार केला आणि 'निं' झालं. 'प'चं 'पं' झालं. शेवटी मी माझीच काही चिन्हं ठरवली. म्हणजे दोन पद्धती होत्या, आता तिसरी झाली.

त्याहून मोठी अडचण मात्र चिन्हांची नाही. आत्या गाते, मी लिहितो, मग लिहिलेलं बघून मी तिला म्हणून दाखवतो. सगळे स्वर बरोबर असतात, मात्रा बरोबर असतात. तरी ती म्हणते, "नाही रे. ग वरून रे वर असं उतरायचं नाही. घसरत ये. परत ऐक." मी परत ऐकतो. चौथ्या-पाचव्या वेळेला मला ते ऐकू येतं. कागदावर ते लिहिता येत नाही, पण मला ते ऐकू येतं.

आणि ते ऐकू येतं, कारण पाच वर्षं मी क्लासला बसलोय. तानसेन होणं कुणाच्या हातात नसतं, कानसेन होता येतं, असं आपल्याकडं म्हणतात. पलुसकरांचं स्वप्न मला आता तिथं दिसतं. प्रतिभावान गवई त्यांच्याआधीही होत होते, त्यांच्याशिवायही झाले असते. पण कुरुंदवाडसारख्या गावात, परीक्षा देऊन अर्ध्यात सोडलेला एक सामान्य आवाजाचा मुलगा, जो आत्याच्या गळ्यातला तो उतार ओळखू शकतो, असा माणूस राजवाड्यातून तयार होत नाही. त्याला क्लासच लागतो. तिकीट काढून मैफिलीला बसणारे, पोरांना शिकायला पाठवणारे, वही भिजली तर ती परत लिहायला बसणारे, हे सगळे त्या लिलावात निघालेल्या शाळेचे विद्यार्थी आहेत.

वहीतल्या एकशे बारा बंदिशींपैकी आतापर्यंत एकोणसत्तर लिहून झाल्यात. गेल्या रविवारी दुर्गा रागातली एक लिहिली. शेवटच्या ओळीत आत्या अडखळली, दोन वेगवेगळे मुखडे गायली आणि म्हणाली, "बाईंनी कुठला शिकवलेला, आता नक्की आठवत नाही." मी दोन्ही लिहून ठेवलेत.